जुनं फुटेज पुरवण्याचं काम: नव्याने चित्रसंग्रहात आलेल्यांसाठी

चित्रसंग्रहात, म्हणजे जुनं चित्रण सांभाळून ते निर्मात्यांना पुरवणाऱ्या संस्थेत, नव्याने रुजू झालेल्या माणसाला पहिल्या महिन्यात वाटतं, आपलं काम म्हणजे शोधाशोध. निर्माता काहीतरी मागतो, आपण ते डब्यातून किंवा सर्व्हरवरून काढून देतो. मलाही तसंच वाटायचं. सुरुवातीची काही वर्षं मी शोधण्यात तरबेज होण्यामागे घालवली. पण माझ्या हातून झालेल्या मोठ्या चुका शोधण्यातल्या नव्हत्याच. चित्र सापडलेलं असायचं, आणि मी त्याबद्दल सांगितलेलं चुकायचं. कधी वर्ष चुकलं, कधी जागा, कधी हक्क भलत्याचेच निघाले.

म्हणून आधीच सांगते: चित्र आणि त्याची नोंद यांची ताटातूट होऊ द्यायची नाही, हे आपलं मुख्य काम. खालच्या सगळ्या पायऱ्या त्यासाठी आहेत.

१. मागणी आली की आधी उलटे प्रश्न विचारा

‘दुसऱ्या महायुद्धाचं काहीतरी द्या’, ‘पुराची दृश्यं हवीत’, अशाच मागण्या येतात. त्यावर लगेच शोधायला बसू नका. ज्या निवेदनावर हे चित्र बसणार आहे, तो परिच्छेद मागून घ्या. तो वाचला की कळतं, निर्मात्याला ठरावीक दिवसाचं, ठरावीक माणसाचं चित्र हवंय की फक्त त्या काळाचं वातावरण हवंय. हा फरक अगदी सुरुवातीला स्पष्ट झाला नाही, तर वातावरण म्हणून दिलेला १९३८ चा रेल्वे स्थानकाचा शॉट पडद्यावर १९४२ ची घटना म्हणून जातो. खोटं कुणीच बोललेलं नसतं, तरी प्रेक्षकाला खोटं दाखवलं जातं.

त्याच वेळी हेही विचारून लिहून ठेवा: अंदाजे किती सेकंद लागतील, कार्यक्रम कोणत्या देशांत आणि कोणत्या माध्यमांवर दिसणार, किती वर्षांसाठी, फाइल कोणत्या स्वरूपात हवी आणि शेवटची तारीख कोणती. फोनवर बोलणं झालं तरी नंतर दोन ओळींचा ईमेल टाकाच.

बातमीची मागणी आणि माहितीपटाची मागणी यांचा वेग अगदी वेगळा असतो. माहितीपटाचा संशोधक दोन महिने चर्चा करतो आणि तोच शॉट तीनदा बघायला मागतो. वृत्तवाहिनीला मात्र तासाभरात हवं असतं, आणि मोठ्या व्यक्तीच्या निधनाची बातमी बहुतेकदा अवेळीच येते. त्यासाठी वयोवृद्ध सार्वजनिक व्यक्तींचे संच आधीच तयार ठेवा. तरुणपणचं एक, ऐन उमेदीतलं एक, अलीकडचं एक, आणि जमल्यास त्यांच्या आवाजातलं एक. प्रत्येकाची ओळख आणि हक्क आधीच तपासलेले असावेत. घाईच्या रात्री तपासायला वेळ मिळत नाही, आणि न तपासता दिलेलं चित्र पुढे अनेक वर्षं फिरत राहतं.

२. त्या काळाच्या शब्दांनी शोधा

आपल्या सूचीतल्या नोंदी ज्याने लिहिल्या, त्याला आजचे शब्द माहीत नव्हते. १९२० च्या नोंदीत ‘पहिलं महायुद्ध’ सहसा मिळणार नाही. तेव्हा ते ‘महायुद्ध’ होतं, दुसरं अजून झालेलंच नव्हतं. श्रीलंका ‘सिलोन’खाली, इराण ‘पर्शिया’खाली, सेंट पीटर्सबर्ग काही दशकं ‘लेनिनग्राड’खाली. जुन्या वृत्तपटांच्या सूचींत विवाहित स्त्रिया कित्येकदा नवऱ्याच्या नावाखाली दडलेल्या असतात. नावांची स्पेलिंगही चार-चार तऱ्हांची. म्हणून शोध सुरू करण्याआधी कागदावर पर्यायी शब्दांची यादी करा. माझी यादी दहा-बारा शब्दांची होते, आणि हवी ती नोंद बऱ्याचदा आठव्या-नवव्या शब्दाला लागते.

आपल्याकडे नसेल तर कुणाकडे असेल, हे सांगता येणं हाही कामाचाच भाग. ब्रिटिश पाथेने २०१४ मध्ये सुमारे ८५,००० वृत्तपट यूट्यूबवर खुले केले. २०१५ मध्ये असोसिएटेड प्रेस आणि ब्रिटिश मूव्हीटोन यांनी मिळून साडेपाच लाखांच्या आसपास क्लिप टाकल्या. युनिव्हर्सल कंपनीचे १९२९ ते १९६७ या काळातले वृत्तपट अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागाराकडे आहेत. युद्धाच्या चित्रांसाठी लंडनचं इम्पीरियल वॉर म्युझियम, फ्रेंच दूरचित्रवाणीसाठी तिथली ‘इना’ ही संग्रहसंस्था. भारतातल्या सरकारी माहितीपटांसाठी १९४८ पासूनचा फिल्म्स डिव्हिजनचा साठा आणि १९६४ मध्ये स्थापन झालेलं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय.

यूट्यूबवर काय आहे हे नुसतं बघायचं, तिथून उचलायचं नाही. तिथे ज्याने क्लिप टाकली तो तिचा मालक असेलच असं नाही, आणि ती फाइल कितव्या पिढीची नक्कल आहे हेही कळत नाही. तिथे सापडलेल्या शॉटचा मूळ संग्रह शोधून काढा आणि तिथे विचारा.

काही वेळा उत्तर ‘हे आता अस्तित्वातच नाही’ असं असतं. ते लवकर आणि कारणासह द्या. व्यावसायिक व्हिडिओ टेप १९५६ मध्ये आली तेव्हा फार महाग होती, म्हणून अनेक दूरचित्रवाणी संस्थांनी तीच टेप पुसून पुन्हा वापरली. अपोलो ११ च्या चांद्रमोहिमेतली मूळ दर्जाची दूरचित्रवाणी टेपही अशीच पुसली गेली असावी, असा निष्कर्ष नासाने २००९ मध्ये मांडला. आज आपण बघतो ती प्रक्षेपणासाठी रूपांतरित केलेली चित्रं आहेत. डिसेंबर १९७८ मध्ये अमेरिकेत सूटलंड इथल्या फिल्मकोठाराला आग लागली आणि युनिव्हर्सलच्या वृत्तपटांची सव्वा कोटी फुटांहून अधिक फिल्म जळाली. अशा गोष्टी माहीत असल्या की निर्मात्याचे तीन आठवडे वाचतात.

३. डबा उघडण्याआधी

१९५० च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत ३५ मिमी फिल्म बहुधा नायट्रेट या ज्वलनशील पदार्थावर बनायची. नायट्रेट जळताना स्वतःच ऑक्सिजन सोडतं, त्यामुळे वाळू किंवा पाणी टाकून ती आग विझत नाही. जुना ३५ मिमीचा डबा हातात आला आणि आतला पदार्थ ओळखता आला नाही, तर तो बंदच ठेवून जाणकाराला बोलवा. फिल्मच्या कडेला ‘सेफ्टी’, म्हणजे नायट्रेट नसलेली फिल्म, असं छापलेलं दिसलं तरी लगेच निर्धास्त होऊ नका. नक्कल काढताना मूळ फिल्मच्या कडेवरची अक्षरंही उतरू शकतात.

नायट्रेटऐवजी वापरात आलेली ॲसिटेट फिल्म सहज पेट घेत नाही, पण सडते. डबा उघडताच व्हिनेगरचा वास आला की समजा सुरुवात झाली आहे. तो डबा बाकीच्यांपासून वेगळा ठेवा आणि स्कॅनिंगच्या रांगेत पुढे आणा. आकसलेली फिल्म प्रोजेक्टरवर किंवा जुन्या संकलन टेबलावर ‘जरा बघू’ म्हणूनही चालवू नका. दातेरी चाकं कडेची छिद्रं फाडतात.

डब्यावर लांबी फुटांत लिहिलेली असते, म्हणून हा हिशेब पाठ ठेवा: ३५ मिमीच्या एका फुटात १६ फ्रेम, म्हणजे सेकंदाला २४ फ्रेमच्या वेगाने मिनिटाला ९० फूट, १६ मिमीच्या एका फुटात ४० फ्रेम, म्हणजे मिनिटाला ३६ फूट. हजार फुटांचं ३५ मिमी रीळ साधारण ११ मिनिटांचं. कागदावर चार मिनिटांची बातमी आणि डब्यात हजार फूट, असं दिसलं तर आत आणखी काहीतरी आहे. न वापरलेले शॉट असे कितीदा तरी सापडतात, आणि संशोधकांना तेच सर्वांत मोलाचे वाटतात.

टेपचं दुखणं निराळं. यू-मॅटिक, बीटाकॅम यांची चालू यंत्रं आणि ती दुरुस्त करणारी माणसं दोन्ही कमी होत चालली आहेत. टेप लावायचीच असेल तर पहिल्याच वेळी पूर्ण दर्जाने उतरवून घ्या. दुसरी संधी मिळेल असं धरून चालू नका.

४. चित्राची ओळख पटवा

इथे घाई करू नका. बाकीच्या पायऱ्यांवरची चूक पैशांनी किंवा माफीने भरून निघते, ही निघत नाही.

१९१२ मध्ये टायटॅनिक बुडालं तेव्हा त्या जहाजाची चलत्‌चित्रं जवळजवळ नव्हतीच. मग वृत्तपटवाल्यांनी आदल्या वर्षी न्यूयॉर्कमध्ये घेतलेली ‘ऑलिम्पिक’ या जुळ्या जहाजाची दृश्यं दाखवली, आणि ओळख पटू नये म्हणून फ्रेममधली नावं खरवडून काढली. शंभर वर्षांनंतरही ती दृश्यं टायटॅनिक म्हणून मागितली जातात. रशियन क्रांतीतला हिवाळी राजवाड्यावरचा हल्ला म्हणून जे दिसतं, ते पुष्कळदा आयझेनस्टाइनच्या ‘ऑक्टोबर’ या कथापटातलं असतं, म्हणजे घटनेनंतर दहा वर्षांनी चित्रित केलेलं. १९१६ च्या ‘बॅटल ऑफ द सोम’ या चित्रपटातलं खंदकातून वर चढणाऱ्या सैनिकांचं प्रसिद्ध दृश्य आघाडीमागे मुद्दाम घडवून टिपलं होतं, असं अभ्यासक मानतात. त्या चित्रपटातली बाकी बरीच दृश्यं मात्र खरी आहेत. म्हणून संशय किंवा खात्री कधीही आख्ख्या रिळावर टाकू नका. एकेका शॉटची स्वतंत्र तपासणी करा.

मी ज्या क्रमाने बघते तो असा.

आधी कागद. कॅमेरामनने चित्रीकरणासोबत पाठवलेली टिपणं, म्हणजे डोप शीट, मिळाली तर ती सर्वांत विश्वासाची. मग फिल्मची कड. कोडॅकच्या फिल्मवर चौकोन, वर्तुळ, त्रिकोण अशा छोट्या खुणा असतात आणि त्यांवरून ती फिल्म कोणत्या वर्षी बनली ते काढता येतं. पण जुन्या खुणा दर २० वर्षांनी त्याच क्रमाने फिरून येतात; एकाच खुणेला १९२७, १९४७, १९६७ अशी तीन उत्तरं असू शकतात. शिवाय ते फिल्म बनल्याचं वर्ष असतं, चित्रीकरणाचं नव्हे. तरी एक गोष्ट या खुणा ठामपणे सांगतात: फिल्म बनण्याआधी तिच्यावर चित्रण होऊ शकत नाही.

मग चित्राच्या आत शिरा. गाड्यांची मॉडेलं आणि नंबरपाट्या, भिंतीवरची पोस्टरं, दुकानांच्या पाट्या, गणवेशावरची पदकं, झाडांना पानं आहेत की नाहीत, सावल्या किती लांब आहेत. अक्षरं उलटी दिसली किंवा कोटाची बटणं भलत्या बाजूला दिसली तर चित्र आडवं उलटलेलं आहे. आवाजावर वेगळी शंका घ्या. जुनं युद्धचित्रण बहुतांशी मूक असायचं. तोफा, विमानं, गर्दीचा गलका नंतर ध्वनिसाठ्यातून जोडलेला. निर्मात्याला तसं लिहून कळवा, नाहीतर तो ‘मूळ आवाज’ म्हणून वापरेल.

माझी चूक इथलीच. एका जाहीर सभेचं रीळ मी डब्यावरच्या वर्षावर विसंबून दिलं. प्रसारणानंतर एका प्रेक्षकाने कळवलं की मंचामागे उभी असलेली मोटार त्या वर्षी बाजारात आलेलीच नव्हती. डबा जुन्या रिळाचा होता. कुणीतरी त्यात दुसरं रीळ ठेवलं होतं आणि चिठ्ठी बदलली नव्हती. कडेच्या खुणा मी बघितल्या असत्या तर दहा मिनिटांत कळलं असतं. तेव्हापासून डब्यावरचं लिखाण मी ‘डब्यावर असं लिहिलं आहे’ एवढ्याच शब्दांत नोंदवते.

नोंदीत प्रत्येक गोष्टीपुढे तीनपैकी एक शब्द ठेवा: नक्की, बहुधा, माहीत नाही. ‘बहुधा’ लिहिलं तर कशावरून, तेही लिहा. निर्माता दडपण आणतो, ‘नक्कीच लिहा ना, वाहिनीला हवंय’. नाही लिहायचं.

आता यात कृत्रिम बुद्धिमत्तेने बनवलेल्या ‘जुन्या’ चित्रांची भर पडली आहे. अमेरिकेतल्या आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्स या संघटनेने २०२४ मध्ये माहितीपटांतल्या अशा वापरासाठी मार्गदर्शक तत्त्वं काढली, ती वाचाच. आपल्यापुरता नियम सोपा आहे. बाहेरून आलेली, मूळ रीळ किंवा टेप दाखवता न येणारी क्लिप संग्रहात घेताना ती कुणाकडून, कधी, कशी आली हे लिहिल्याशिवाय घ्यायची नाही. रंग चढवलेली किंवा यंत्राने तपशील भरलेली आवृत्ती मूळ चित्राच्या क्रमांकाखाली ठेवू नका, तिला स्वतंत्र क्रमांक द्या.

५. हक्क: डबा आपला, चित्र कुणाचं?

नवोदितांचा सर्वांत मोठा गोंधळ इथे होतो. रीळ आपल्या कपाटात आहे म्हणजे त्याचे हक्क आपले आहेत असं नाही. केनेडी यांच्या हत्येचं ८ मिमीवरचं झाप्रूडर चित्रण घ्या. जेमतेम २६ सेकंदांची मूळ फिल्म अमेरिकी सरकारच्या ताब्यात, राष्ट्रीय अभिलेखागारात आहे. कॉपीराइट मात्र ते चित्रण करणाऱ्या झाप्रूडर यांच्या कुटुंबाने १९९९ मध्ये डॅलसच्या सिक्स्थ फ्लोअर म्युझियमला दिला. फिल्म एकाकडे, परवानगी दुसऱ्याकडे.

एका शॉटवर हक्कांचे बरेच थर असतात. चित्रणाचा हक्क, मागे वाजणाऱ्या गाण्याचा, भाषणाचा, पडद्यावर दिसणाऱ्या चित्राचा किंवा शिल्पाचा, खेळ असेल तर सामन्याच्या आयोजकाचा. वृत्तसंस्थेच्या बातमीपटात तर मध्येच दुसऱ्या संस्थेकडून उसना घेतलेला शॉट असू शकतो. आपल्याकडचे हक्क कोणत्या थराचे आहेत आणि कोणत्या थराची परवानगी निर्मात्याने स्वतः मिळवायची आहे, हे परवान्यात स्वच्छ लिहा.

‘फार जुनं आहे, मोकळंच असणार’ हे वाक्य ऐकलं की थांबा. अमेरिकेत केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांनी कामाचा भाग म्हणून केलेल्या चित्रणाला तिथे कॉपीराइट नसतो. पण सरकारी अभिलेखागारात खासगी देणगीची चित्रंही असतात, आणि त्यांना हा नियम लागू होत नाही. भारतात चित्रपटाचा कॉपीराइट प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. युरोपीय संघात दिग्दर्शक, पटकथालेखक, संवादलेखक आणि संगीतकार यांच्यापैकी सर्वांत शेवटी निधन पावलेल्याच्या मृत्यूनंतर ७० वर्षं. म्हणजे तोच शॉट एका देशात मोकळा आणि दुसऱ्या देशात बंद असू शकतो. म्हणून पहिल्या पायरीवरच देशांची यादी विचारायची असते.

मुदतही दुर्लक्षू नका. अमेरिकेतल्या नागरी हक्क चळवळीवरची ‘आईज ऑन द प्राइझ’ ही मालिका १९८७ मध्ये प्रसारित झाली. तिच्यातल्या चित्रांचे आणि गाण्यांचे परवाने ठरावीक मुदतीचे होते. ते संपले आणि ती वर्षानुवर्षं दाखवता येईना. पुन्हा पैसा उभा करून, परवाने नव्याने घेऊन २००६ मध्ये ती परत आली. छोट्या निर्मात्याला स्वस्त, कमी मुदतीचा परवाना देताना हा धोका त्याला आधी समजावून सांगा. निर्णय त्याचा, पण तो माहितीवर घेतलेला असावा.

परवाना देण्यापूर्वी फाइलमध्ये हे कागद हवेत:

– संग्रहाला ते फुटेज कसं मिळालं त्याचा करार, देणगीपत्र किंवा खरेदीची नोंद
– निर्मात्याची लेखी मागणी आणि कार्यक्रमाचा गोषवारा
– देश, माध्यमं, मुदत, सेकंद आणि दर स्पष्ट असलेला परवाना मसुदा
– तिसऱ्या पक्षाच्या हक्कांची यादी, आणि मिळालेल्या परवानग्यांच्या प्रती
– शॉटची ओळखनोंद, तीन शब्दांच्या खात्रीसह
– श्रेयनामावलीत नेमकं काय लिहायचं त्याचा मजकूर

६. बघण्याची प्रत

निर्मात्याला निवडीसाठी हलक्या दर्जाची प्रत द्या. तिच्यावर टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची वेळ दाखवणारे आकडे) आणि संग्रहाचं नाव कायमचं उमटवलेलं असावं, आणि फाइलच्या नावातच संग्रह क्रमांक असावा. संकलक फायलींची नावं बदलतात, आणि सहा महिन्यांनी ‘निळ्या साडीतली बाई, अंतिम २’ या नावाने चौकशी येते. चित्रावर क्रमांक असेल तर पाच मिनिटांत उत्तर देता येतं.

मोठा सापळा असा: संकलक बघण्याच्या प्रतीवरच माहितीपट कापतो, दिग्दर्शक त्या शॉटच्या प्रेमात पडतो, आणि परवान्याची बोलणी काम संपल्यावर सुरू होतात. तेव्हा हक्क मिळाले नाहीत तर सगळ्यांचीच अडचण. शंकास्पद शॉटसोबत पहिल्याच दिवशी दुसरा, मोकळा पर्याय पाठवत जा.

७. मूळ दर्जाची फाइल देताना

निर्मात्याकडून शॉटची यादी टाइमकोडसह घ्या आणि दोन्ही टोकांना काही सेकंद जादा द्या. फाइल मूळ चौकटीत द्या. जुन्या चित्राच्या रुंदी-उंचीचं प्रमाण बहुधा ४:३ असतं. १६:९ पडदा भरण्यासाठी ते वरखाली कापलं तर पाव चित्र जातं, आणि ताणलं तर माणसं बुटकी होतात. कापायचं असेल तर संकलकाने समजून-उमजून कापावं, आपण नाही.

मूकपटांचा वेग एकच नव्हता. सेकंदाला १६-१८ फ्रेमने टिपलेलं चित्र २४ ने चालवलं की माणसं टुणटुण चालतात आणि अंत्ययात्रासुद्धा हास्यास्पद दिसते. योग्य वाटणारा वेग लिहून कळवा. इंटरलेस टेपवरची (म्हणजे एकाआड एक ओळींनी चित्र नोंदवलेली) फाइल तशीच द्या. स्वस्तात केलेलं रूपांतर पुन्हा मागे फिरवता येत नाही. सोबत चेकसम (फाइलवरून संगणकाने काढलेला पडताळणीचा आकडा) द्या, म्हणजे पोहोचलेली फाइल आणि पाठवलेली फाइल एकच आहे हे पडताळता येतं.

आणि ओळखनोंद त्याच फोल्डरमध्ये ठेवा. वेगळ्या ईमेलने पाठवलेली नोंद संकलकाच्या टेबलापर्यंत पोचत नाही.

८. प्रसारणानंतर

अंतिम वापराची यादी मागा आणि कार्यक्रम स्वतः बघा. मंजूर सेकंदांपेक्षा जास्त वापर झाला असेल तर जादा परवाना लागेल. बहुतेक निर्माते दाखवून दिल्यावर लगेच मान्य करतात. चित्राखाली येणारं वर्ष आणि जागा आपल्या नोंदीशी जुळतात का तेही बघा. जुळत नसेल तर त्याच दिवशी कळवा, कारण पुनःप्रसारणाआधी दुरुस्ती करता येते.

मग प्रेक्षकांची पत्रं येतात. कुणी गर्दीत आपले आजोबा ओळखतं, कुणी सांगतं की तो पूल तो नव्हे, त्याच्या वरच्या अंगाचा आहे. प्रत्येक पत्र शॉटच्या क्रमांकाला जोडा, कुणी आणि कोणत्या तारखेला कळवलं ते लिहा, आणि पडताळणी होईपर्यंत ‘बहुधा’ हा शब्द तसाच ठेवा.